नऊ माणसं, एक टाकी, चौदा दिवस: कमी पैशातली विनोदी फिल्म पहिल्यांदा करताना

एकांकिका करून झाल्यात, दोन-तीन शॉर्ट फिल्म हातावेगळ्या झाल्यात आणि आता दीड तासाची फिल्म करायची खुमखुमी आहे. पण निर्माता नाही, नावाजलेला चेहरा नाही, अशा मंडळींसाठी हे लिहितेय. फिल्म विनोदी, रोजच्या जगण्यातली, आणि तिला एक नायक नाही, आठ-दहा माणसांचा गोतावळा आहे. अशा एका फिल्मवर मी पहिल्या वाचनापासून शेवटच्या मिक्सिंगपर्यंत होते. पुण्यातली जुनी चार मजली सोसायटी, गच्चीवरची पाण्याची टाकी फुटते आणि नवी बसेपर्यंत तीन दिवस जातात, एवढीच गोष्ट. नऊ मुख्य पात्रं, बारा जणांचं युनिट, चौदा दिवसांचं शूटिंग.

एक गोष्ट आधीच सांगते, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. अशा फिल्ममध्ये हशा बहुतेक वेळा ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर येतो. सेक्रेटरी काका सगळ्यांसमोर ठणकावून खोटं बोलतात, आणि ते खोटं आहे हे ठाऊक असलेल्या काकू पदराच्या टोकाशी चाळा करत जमिनीकडे बघतात. प्रेक्षक फुटतो तो काकूंवर. म्हणून तुमच्याकडे जो काही वेळ, पैसा आणि कॅमेरा आहे, तो ऐकणाऱ्यासाठी राखून ठेवायला शिका.

१. आधी जागा, मग गोष्ट

नवखी मंडळी आधी गोष्ट लिहितात आणि मग जागा शोधत फिरतात. कमी पैशात हे उलटं करा. जी इमारत, वाडा किंवा गाळा तुम्हाला दोन आठवडे सलग मिळणार आहे ती आधी पक्की करा आणि तिच्यात घडेल अशीच गोष्ट लिहा. युनिट एका ठिकाणाहून दुसरीकडे हलवलं की अर्धा दिवस गेलाच म्हणून समजा.

सोसायटी असेल तर कमिटीच्या एका माणसाच्या तोंडी होकारावर विसंबू नका. मीटिंगमध्ये विषय मांडा आणि लेखी पत्र घ्या: कोणते दिवस, किती ते किती, कोणते मजले, लिफ्ट वापरायची का, वीज कुणाच्या मीटरवरून, गाड्या कुठे लावायच्या. जवळच्या पोलीस चौकीला कळवून ठेवा. रस्ता, बाग, सरकारी इमारत हवी असेल तर राज्याच्या फिल्म सेलची एक खिडकी योजना आहे, तिथे ऑनलाइन अर्ज करता येतो. रेल्वे स्टेशन किंवा एसटी स्टँडचा सीन संहितेत असेल तर तो खोडा आणि पात्राला बॅग घेऊन जिन्यातच उभं करा. परवानगी, फी आणि बघ्यांची गर्दी, तिन्ही वाचतात.

रेकी, म्हणजे शूटिंगआधीची जागेची पाहणी, डोळ्यांनी करतात तशी कानांनीही करा. ज्या वेळेला शूट करायचंय त्याच वेळेला जिन्यात पंधरा मिनिटं डोळे मिटून बसा आणि ऐकू येईल ते लिहून काढा. आमच्या यादीत पाण्याचा पंप (सकाळी सात ते पावणेआठ), भंगारवाल्याची हाळी, शाळेच्या व्हॅनचा हॉर्न आणि समोरच्या मंगल कार्यालयाचा बँड होता. बँडसाठी आम्ही दिनदर्शिकेत लग्नाच्या मुहूर्तांच्या तारखा बघितल्या आणि त्या दिवशी मागच्या बाजूच्या फ्लॅटमधले सीन लावले. त्या एका कामाने आमचे दोन दिवस वाचले.

२. लिहिताना

संकट सगळ्यांचं एक असू द्या, पण त्यातून प्रत्येकाला हवं असलेलं वेगळं असलं पाहिजे. आमच्याकडे टाकी फुटली एवढंच समान होतं. सेक्रेटरीला टाकीच्या दुरुस्तीचे पैसे त्याने गणपतीच्या मांडवात घातले हे लपवायचं होतं. पहिल्या मजल्यावर दुसऱ्याच दिवशी मुलीला बघायला पाहुणे येणार होते. तिसऱ्या मजल्यावरच्या भाडेकरूला घर सोडून डिपॉझिट परत हवं होतं. वॉचमनला गावच्या जत्रेला जायचं होतं. यातला कुणीही विनोद करायला उभा नव्हता, सगळे आपापल्या कामासाठी जिवाच्या आकांताने धडपडत होते. पात्राला आपण विनोदी आहोत हे कळलं की प्रेक्षक हसायचा थांबतो, हे लिहितानाच मनात पक्कं करा.

एक तक्ता करा. आडव्या ओळीत सीन, उभ्या ओळीत पात्रं. कोण कोणत्या सीनमध्ये आहे ते भरा. सलग दहा-बारा सीन एखादं पात्र गायब असेल तर प्रेक्षक त्याला विसरलाय. कधीच एकत्र न येणारी दोन पात्रं दिसली तर त्यांना लिफ्टमध्ये अडकवा. आणि सगळे नऊच्या नऊ एका खोलीत असलेले सीन चारच्या वर नेऊ नका. ते शूट करायला सगळ्यात अवघड आणि फिल्मला सगळ्यात मोलाचे. तक्ता झाला की दुसरी परीक्षा: संवादांवरची नावं झाका आणि कुणालातरी वाचायला द्या. कोण बोलतंय हे ओळखू येत नसेल तर सगळी पात्रं अजून लेखकाच्याच आवाजात बोलताहेत.

संहितेचं एक पान म्हणजे पडद्यावरचं एक मिनिट हा हिशोब देवनागरी संहितेला सरसकट लागू होत नाही. घड्याळ लावून मोठ्याने वाचा, तेच खरं. संहितेची नोंदणी स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे करून टाका आणि नावाची नोंदणी अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळाकडे किंवा निर्मात्यांच्या एखाद्या संघटनेकडे. हे काम पोस्टर छापायला टाकण्यापर्यंत लांबवू नका.

खर्च खरा वाचतो तो लिहिण्याच्या टेबलावर. पुढच्या चार गोष्टी संहितेत आल्या की कागदपत्रं मागे लागतात, म्हणून त्या खरंच हव्यात का ते आधी ठरवा.

सिगारेट, विडी, तंबाखू. पडद्यावर कुणी ओढताना किंवा मळताना दिसलं की फिल्मच्या सुरुवातीला आणि मध्यावर किमान ३० सेकंदांची तंबाखूविरोधी फीत, शिवाय २० सेकंदांचं निवेदन, आणि त्या दृश्यात खाली सूचना लागते. चुना मळणारे आजोबा गोड दिसतात, पण त्यांना अडकित्ता आणि नुसती सुपारी द्या.

प्राणी. जिन्यातली मांजरसुद्धा ‘अभिनय’ करणार असेल तर ॲनिमल वेल्फेअर बोर्डाची परवानगी आधी घ्यावी लागते आणि सेन्सॉरला ती दाखवावी लागते.

लहान मुलं. बालकलाकारासाठी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, आणि मानधनाचा किमान २० टक्के हिस्सा मुलाच्या नावे मुदत ठेवीत टाकायचा. हा नियम मनापासून पाळा. मूल रडकुंडीला आलं की सेटवरचं हसू सगळ्यांसाठीच संपतं.

गाणी. मागे रेडिओवर वाजणारं जुनं गाणं म्हणजे त्याच्या ध्वनिमुद्रणाचे आणि शब्द-चालीचे हक्क वेगवेगळे विकत घेणं आलं. आम्हाला आरती हवी होती. ‘सुखकर्ता दुखहर्ता’ समर्थ रामदासांची, सतराव्या शतकातली, तिच्या शब्दांवर आज कुणाचा हक्क नाही. पण बाजारात मिळणाऱ्या ध्वनिमुद्रणावर असतो. म्हणून आमच्या नऊ जणांनीच म्हटली. एकाची पट्टी वर, एकाची खाली, टाळ सगळ्यांच्या पुढे, आणि शेवटच्या कडव्याला सगळ्यांचा आवाज एकदम मोठा, कारण तेवढंच सगळ्यांना पाठ. कुठल्याही विकतच्या गाण्याने ते घर उभं केलं नसतं.

३. माणसं निवडताना

महाराष्ट्रात कमी पैशात फिल्म करणाऱ्याला जी श्रीमंती मिळते ती इथल्या हौशी रंगभूमीची. पुण्यात पुरुषोत्तम आणि फिरोदिया करंडक, गावोगावी राज्य नाट्य स्पर्धेची केंद्रं. तिथे प्रेक्षकांत जाऊन बसा. मुख्य भूमिकेतल्या नटाकडे सगळेच बघतात. तुम्ही त्या वेळी मागे उभ्या असलेल्या, वाक्य नसलेल्या नटाकडे बघा. तो समोरच्याचं खरंच ऐकत असेल तर त्याचा नंबर घ्या.

ऑडिशनही तशीच घ्या. आम्ही येणाऱ्याला संवाद पाठ करायला लावला नाही. दुसरा नट दोन मिनिटं काहीतरी सांगायचा, आलेल्याने फक्त ऐकायचं, कॅमेरा त्याच्यावर. अर्धी निवड त्यातच झाली. पन्नाशी-साठीच्या भूमिकांसाठी कॉलेजच्या पोराला पांढरे केस लावू नका. बँकेतून, शाळेतून निवृत्त झालेली, आयुष्यभर हौशी नाटक केलेली माणसं प्रत्येक शहरात आहेत आणि तारखांना ती तरुणांपेक्षा पक्की असतात.

व्यावसायिक नाटक करणाऱ्यांचे प्रयोग शनिवार-रविवारी असतात. शेड्यूल सोमवार ते शुक्रवार लावलंत तर चांगले नट मिळतात आणि नाट्यगृहाच्या वेळेला कुणाची घालमेल होत नाही.

४. तालीम: इथे कंजुषी नको

शूटिंगचा एक दिवस महाग, तालमीचा दिवस चहा-पोह्यांत होतो. आम्ही पाच आठवडे, संध्याकाळी सात ते दहा, तालमी केल्या आणि शेवटचे आठ दिवस त्याच सोसायटीत. नाटकातल्या माणसांना आवाज आणि हात खाली आणायला वेळ लागतो. शेवटच्या रांगेपर्यंत पोचायची सवय दोन फुटांवरच्या माइकला सहन होत नाही. त्यासाठी आम्ही सगळे सीन एकदा अगदी कुजबुजत करायचो, मग नेहमीच्या आवाजात. फरक लगेच पडायचा.

प्रत्येकाच्या हाताला घरचं काम द्या. काकूंच्या भूमिकेतल्या बाई तिसऱ्या तालमीला घरून दुधाच्या धुतलेल्या पिशव्या घेऊन आल्या. ओट्यावरच्या फरशीला ओली पिशवी चापून लावायची, वाळली की सोलून काढायची आणि घडी करून रद्दीसाठी ठेवायची, आपल्या कितीतरी घरांत चालतं तसं. सेक्रेटरी काका स्वयंपाकघराच्या दारात उभे राहून ‘टाकीचे पैसे सुरक्षित आहेत’ असं सांगत होते. बाईंनी वर न बघता एक पिशवी सोलली, उजेडात धरली, ती अजून ओली होती म्हणून पुन्हा फरशीला लावली आणि तळव्याने सावकाश दाबली. त्या दाबण्यात नवऱ्याबद्दलची सदतीस वर्षं होती. संहितेत त्या जागी काकूंना चार वाक्यं होती, चारही आम्ही काढून टाकली. तालमीत अशी वाक्यं गळायला लागली की फिल्म जमायला लागली म्हणायची.

तालमीत सापडलेलं लगेच लिहून ठेवा. फरशीवर किती पिशव्या, कोणती सोललेली, याचा फोटो प्रत्येक टेकनंतर कंटिन्युइटीवाल्याने काढायचाच. पाच पिशव्यांच्या पुढच्या शॉटला सहा झाल्या तर प्रेक्षक काकूंचा हात सोडून पिशव्या मोजत बसतो.

५. पैसे आणि कागद

बजेट लिहिताना जेवण पहिल्या ओळीत लिहा. मदतनीस धरून पंचवीस माणसं, चौदा दिवस, नाश्ता, दोन जेवणं आणि न संपणारा चहा. दादासाहेब फाळक्यांच्या पहिल्या चित्रपटाच्या वेळी सगळ्या युनिटचा स्वयंपाक सरस्वतीबाई स्वतः करत. तेव्हापासून आजपर्यंत गरम जेवणावर युनिट टिकतं, आणि ते करणाऱ्याचं नाव श्रेयनामावलीत ठळक आलं पाहिजे. एकूण रकमेचा दहावा हिस्सा बाजूला काढून त्याला हात लावू नका. शूटिंगनंतरचे पैसे (साउंड, डीआय म्हणजे रंगांचं काम, सेन्सॉर, डीसीपी म्हणजे थिएटरची डिजिटल प्रत) पहिल्या दिवसापासून वेगळ्या खात्यात ठेवा. कितीतरी फिल्म हार्ड डिस्कमध्ये पडून राहतात त्या इथेच.

मैत्रीतल्या माणसाशीसुद्धा लेखी करार करा. एक पान, मराठीत: किती दिवस, किती पैसे, कधी, फिल्म विकली गेली तर किती वाटा, नाव कसं येणार. ‘पैसे नंतर बघू’ या वाक्याने मैत्री तुटलेली मी जवळून पाहिली आहे. रक्कम फार मोठी नव्हती, कुणी विचारलंच नाही याचं दुःख मोठं होतं.

६. शूटिंग

नव्वद पानं आणि चौदा दिवस म्हणजे रोजची साडेसहा पानं. जमतं, पण रोज संध्याकाळी दुसऱ्या दिवसाची कॉलशीट (कुणी कधी, कुठे यायचं तो कागद) गेलीच पाहिजे आणि पहिला शॉट ठरल्या वेळेला लागलाच पाहिजे.

ड्रोन, गिंबल, महागडी लेन्स यांत पैसे घालण्याऐवजी त्याच जातीचा दुसरा कॅमेरा आणा. एक बोलणाऱ्यावर, एक ऐकणाऱ्यावर, एकाच वेळी. माणसं एकमेकांच्या बोलण्यात बोलतात तेव्हा दोन्ही बाजू एकाच टेकमधल्या असल्या की एडिटला सांधा दिसत नाही. एकच कॅमेरा असेल तर आधी मास्टर, म्हणजे सगळे दिसतील असा शॉट घ्या आणि तो मोठा, पूर्ण सीनचा घ्या. मग क्लोजअपची सुरुवात ऐकणाऱ्यापासून करा. उजेड गेला, वेळ संपली, तर बोलणाऱ्याचा क्लोजअप राहू दे. क्लोजअपच्या वेळी कॅमेऱ्याबाहेरच्या नटाने वाक्यावर वाक्य चढवायचं नाही, एवढं मात्र सांगून ठेवा, नाहीतर आवाज वेगळा करता येत नाही.

फिल्म थिएटरसाठी असेल तर सेकंदाला २४ फ्रेम. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची. १८० अंशांच्या शटरला (म्हणजे प्रत्येक फ्रेमचा अर्धा वेळ उजेड आत) २४ फ्रेमवर १/४८ सेकंद येतं आणि जुन्या ट्यूबलाइट, स्वस्त एलईडी लुकलुकताना दिसू शकतात. शटर १७२.८ अंशांवर किंवा १/५० वर ठेवा. जिन्यातले दिवे आपल्या हातात नसतात, म्हणून आदल्या दिवशी चाचणी घेऊन मोठ्या पडद्यावर बघा. खोलीतल्या उजेडासाठी खिडकीबाहेरून एक दिवा, पांढरं कापड आणि दोन थर्माकोल पुरतात. नऊ माणसं हलणार असतील तर खोली उजळा, प्रत्येक चेहरा वेगळा उजळत बसू नका.

आवाजात मात्र काटकसर नको. डबिंगमध्ये शब्द परत येतात, पण नऊ जणांची एकमेकांत अडकलेली लय परत येत नाही. चांगला साउंड रेकॉर्डिस्ट, बूम (लांब काठीवरचा माइक), कपड्यांना लावायचे चार-पाच लेपल माइक, आणि रेकॉर्डिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर. प्रत्येक खोलीत सगळ्यांना गप्प उभं करून एक मिनिट नुसता खोलीचा आवाज घ्या. पंखे बंद, फ्रिज बंद. फ्रिज पुन्हा चालू करायला हमखास विसरतात. आमच्याकडे पहिल्याच दिवशी ज्यांचं घर होतं त्यांचं दूध आणि श्रीखंड नासलं. दुसऱ्या दिवसापासून रेकॉर्डिस्ट आपल्या स्कूटरची किल्ली फ्रिजमध्ये ठेवायला लागला. किल्ली घेतल्याशिवाय घरी जाता येत नाही, आणि ती घ्यायला दार उघडलं की फ्रिज आठवतोच.

रात्री कार्डांच्या तीन प्रती, दोन वेगळ्या डिस्कवर आणि तिसरी दुसऱ्याच्या घरी. प्रती उघडून, चालवून बघितल्याशिवाय कार्ड पुसायचं नाही. थकवा कितीही असो.

७. एडिट

डाव्हिंची रिझॉल्व्हच्या मोफत आवृत्तीत एडिट, रंग आणि प्राथमिक साउंड होतं. आमचा पहिला कट १२७ मिनिटांचा होता, फिल्म ९४ मिनिटांची झाली. गेलं ते बहुतेक विनोदीच होतं: वाक्य मजेशीर, पण त्या वेळी कुणाला काहीच हवं नव्हतं.

एडिटिंगमध्ये घाईने पुढच्या वाक्यावर कापण्याची चूक सगळे करतात. पिशवी दाबणाऱ्या हातावरून आम्ही काकूंच्या चेहऱ्यावर गेलो आणि आधीच्या कटपेक्षा आठ फ्रेम जास्त थांबलो. आठ फ्रेम म्हणजे सेकंदाचा तिसरा हिस्सा. तेवढ्याने सीन बदलला.

मग अनोळखी पंधरा-वीस जणांना बोलवा, घरच्यांना नको. फिल्म कशी वाटली हे विचारण्याआधी एक काम करा: खोलीत रेकॉर्डर ठेवून प्रेक्षकांचा आवाज टेप करा आणि तो ट्रॅक टाइमलाइनवर फिल्मखाली लावा. कुठे हसले, कुठे खुर्च्या करकरल्या, कुठल्या हशात पुढचं महत्त्वाचं वाक्य बुडालं, सगळं दिसतं. लोक तोंडावर छान म्हणतात. खुर्ची मात्र खरं सांगते.

८. सेन्सॉर आणि प्रेक्षक

थिएटरला लावायची तर सेन्सॉर प्रमाणपत्र लागतं, अर्ज ऑनलाइन होतो. २०२४ च्या नियमांपासून यूए वर्गात ७+, १३+ आणि १६+ असे भाग झालेत. भांडणातल्या शिव्या लिहितानाच कुटुंबाने एकत्र बघायची फिल्म आहे का ते ठरवा. थिएटरला द्यायची प्रत डीसीपी असते. ती करून घेतल्यावर एकदा खऱ्या थिएटरात सकाळी शो लागण्याआधी चालवून बघा.

दर्जेदार मराठी चित्रपटांना राज्य सरकारचं अर्थसाहाय्य मिळतं. अर्ज जरूर करा, पण ते पैसे बजेटमध्ये धरू नका. निर्णय फिल्म झाल्यावर होतो. सहसा जानेवारीत पुण्याच्या पिफ या चित्रपट महोत्सवात मराठी चित्रपटांची वेगळी स्पर्धा असते, नोव्हेंबरात गोव्यात इफ्फी हा आंतरराष्ट्रीय महोत्सव. बऱ्याच महोत्सवांना आधी कुठे न दाखवलेली फिल्म हवी असते, म्हणून ऑनलाइन टाकायची घाई नको. मुंबईत प्रभात चित्र मंडळ, पुण्यात आशयसारखे फिल्म क्लब आहेत. तिथला प्रेक्षक जाणता असतो आणि बोलतोही. आठवडाभर दुपारचे रिकामे शो मिळण्यापेक्षा वीस गावांत एकेक भरलेला शो मला मोलाचा वाटतो; गर्दीत बघितल्याशिवाय असली फिल्म पुरती कळतच नाही.

परदेशातली महाराष्ट्र मंडळंही थिएटर भाड्याने घेऊन मराठी फिल्म लावतात. तिथे आजी-आजोबा आणि मराठी अर्धवट समजणारी नातवंडं शेजारी बसलेली असतात, म्हणून इंग्रजी सबटायटलना मिक्सिंगइतकाच वेळ द्या. दोन ओळींचं सबटायटल एकदम आलं की नातू पंच, म्हणजे हशा आणणारा शब्द, आधी वाचून हसतो आणि आजोबा मागाहून, मग हशा दोन तुकड्यांत विरतो. ओळ पंचाच्या आधी फोडा. पंचाचा शब्द नट उच्चारेल त्याच फ्रेमला पडद्यावर येऊ द्या, आणि ऐकणाऱ्याचा चेहरा दिसत असेल तेव्हा खालची ओळ काढून टाका.